मे महिन्याचा आकडा सांगा

खोली बघायला आला तेव्हा त्यानं भाडं विचारलं नाही. नळाला पाणी किती दिवसांनी येतं तेही विचारलं नाही. आमच्या शहरात खोली बघायला येणारा माणूस चप्पल काढायच्या आधी ते विचारतो. हा सरळ आत गेला आणि पश्चिमेच्या भिंतीला उलटा हात लावून उभा राहिला, पोराला ताप आलाय का बघतात तसा. मग छताला हात पुरेना म्हणून खुर्ची मागितली.

मी म्हटलं, "भिंत आजारी नाय. उन्हाची आहे नुसती."

"उन्हाचीच पाहिजे होती," तो म्हणाला. "मे महिन्यात किती तापते?"

"भाकरी ठेवली तर पापड होईल एवढी."

"घेतो."

गच्चीवरची ती खोली दोन उन्हाळे रिकामी पडली होती. येणारा यायचा, घाम पुसायचा आणि 'कळवतो' म्हणून जायचा. खोली तापते म्हणून घेणारा हा पहिला आणि शेवटचा.

कॉलेजात शिकवायचा म्हणून गल्लीतले सगळे त्याला सर म्हणायचे. मीही तोंडावर सरच म्हणायची. पण वयानं तो माझ्या धाकट्या लेकाएवढा, म्हणून इथं 'तो' म्हणते. मूळचा अजिंठ्याकडचा. शिकायला परदेशात गेला, तिथं बरीच वर्षं राहिला आणि परत आला. लोक जायला धडपडतात, हा यायला धडपडला. का आलात विचारलं तर म्हणाला, "जिथं पाणी मुबलक आहे तिथं माझा अभ्यास कुणाला कळत नाही."

त्याचा अभ्यास काय ते मला पहिल्या आठवड्यातच विचारावं लागलं, कारण शेजारची नसीम रोज मला विचारत होती. नसीम कपडे शिवते, आणि शिवता शिवता अख्ख्या गल्लीवर नजर ठेवते. मी त्याला जिन्यात गाठलं.

"सर, तुम्ही नेमकं करता काय?"

"कंप्युटर खातो किती आणि पितो किती, ते बघतो."

मला वाटलं, चौथी शिकलेली म्हातारी बघून चेष्टा करतोय. मी म्हटलं, "मग रात्री त्याला उलट्या व्हत असतील."

तो हसला आणि जिन्याच्या पायरीवर बसला. मला पण बसायला लावलं. म्हणाला, आता माणसासारखं उत्तर देणारं यंत्र निघालंय. आपण मोबाईलवर विचारतो, ते सांगतं. पण ते मोबाईलमध्ये नसतं. लांब कुठंतरी गोदामासारखी मोठी इमारत असते, आत कपाटंच्या कपाटं भरून कंप्युटर असतात, ते रात्रंदिवस चालतात. त्यांना वीज लागते. वीज खाल्ली की ते तापतात. तापले की गार करावे लागतात आणि गार करायला बऱ्याच ठिकाणी पाणी लागतं. ते पाणी वाफ होऊन उडून जातं. भर उन्हात यंत्र किती तापतं ते बघायलाच ही खोली घेतली.

"म्हणजे मोठा कूलर," मी म्हटलं.

"मोठा कूलर."

"मग हे सांगायला परदेशात कशाला जावं लागलं?"

त्यानं उठून पँट झटकली आणि वर गेला. पण दुसऱ्या दिवसापासून जिन्यात भेटला की हात जोडायला लागला.

त्याच्या काही सवयी सांगते. कुठल्याही यंत्राला तो उलटा हात लावायचा. माझ्या फ्रीजच्या मागं, मिक्सरला, नसीमच्या शिलाई मशीनच्या मोटारीला, समोरच्या घरी टीव्हीच्या पाठीला. लोकांच्या घरी जाऊन आधी पाणी प्यावं, खुशाली विचारावी, हा भिंतीतला चार्जर चाचपायचा आणि म्हणायचा, "याला ताप आहे. फोन लावलेला नाही, मग चालू कशाला?" आणि बटण बंद करायचा. जिन्यातला दिवा तर त्यानं इतक्यांदा बंद केला की एकदा माझ्याकडं आलेली नसीमची सासू शेवटच्या दोन पायऱ्या बसूनच उतरली. तेव्हा नसीम धावत येऊन ओरडली, "सर, बिजली बचाव, मगर मेरी सास को भी बचाव!" त्यानंतर त्यानं स्वतः जिन्यात माणूस आला की लागणारा आणि गेला की विझणारा दिवा बसवला. म्हातारी अजून त्या दिव्याला घाबरते. म्हणते, याला मी आले ते कळतं कसं.

दुसरी सवय वाईट होती. कुणी काहीही बोललं की तो विचारायचा, "मोजलं का?" यंदा ऊन जास्त आहे म्हटलं की, मोजलं का? आंब्याला मोहोर कमी, मोजला का? एकदा मी म्हटलं, डाव्या गुडघ्यात लई दुखतंय. त्यानं तोंड उघडलं. मी म्हटलं, "विचारलं तर लाटणं फेकून मारीन." तोंड मिटलं.

लग्नाचं मी सरळ विचारलं. मला आडून विचारता येत नाही.

"झालं होतं. मोडलं."

"का?"

"तिला सारखं मोजलेलं आवडायचं नाही."

बाई शहाणी असणार. तरी मला त्याचं वाईट वाटलं, कारण तो एकटा जेवायचा आणि रोज पिठलंच करायचा. त्या पिठल्यात गुठळ्या असायच्या. मी कधी भाजी पाठवली तर वाटी धुऊन परत यायची, पण अशी धुतलेली की मला पुन्हा धुवावी लागायची.

गच्चीवर त्यानं दोन पारे टांगले होते, तापमान मोजायचे. एक साधा. दुसऱ्याच्या टोकाला ओलं फडकं गुंडाळलेलं. फडक्याचं दुसरं टोक पाण्याच्या वाटीत. वाऱ्यावर ते फडकं हलायचं. नसीमनं ते तिच्या गच्चीवरून बघितलं आणि कापडाचा गठ्ठा तसाच टाकून माझ्याकडं आली.

"मावशी, तुम्हारे सर ऊपर क्या करनी कर रहे? गुड्डी टांग के रख्खे, उसकू पानी भी पिला रहे!"

मी तिला घेऊन वर गेले. त्यानं दोघींना उन्हात उभं करून समजावलं. कोरडा पारा हवा किती तापली ते सांगतो. ओल्याचं पाणी उडतं म्हणून तो खाली राहतो. दोघांत फरक जास्त असला की समजायचं, आज पाण्यानं चांगलं गार करता येईल. मी म्हटलं, माठ. तो म्हणाला, माठच. नसीम म्हणाली, "तो सीधा माठ रखते ना ऊपर. लोगां डरते." दुसऱ्या दिवशी त्यानं फडक्याशेजारी खरोखर एक माठ आणून ठेवला. लोकांची भीती गेली आणि गच्चीवर प्यायला पाणी झालं.

माझी नात सुट्टीत आली होती. तिनं थालीपीठ कसं करायचं ते त्या यंत्राला मोबाईलवर विचारलं. मी शेजारीच बसलेली. त्याच वेळी हा जिन्यातून उतरत होता. तिला म्हणाला, "अगं, आजीला विचार की. तिला गार ठेवायला पाणी लागत नाही."

"लागतं," मी म्हटलं. "आणि राग आला की जास्त लागतं."

पण यंत्राचा त्याला राग होता असं नाही. तो स्वतः दिवसभर त्यावरच काम करायचा. नातीला त्यानंच शिकवलं, कुठला प्रश्न त्याला विचारावा आणि कुठला विचारू नये. मी म्हटलं, एवढं खाणारं-पिणारं आहे तर वापरता कशाला? म्हणाला, "जावई खातो म्हणून कुणी लेक घरी ठेवत नाही मावशी. पण जावई किती खातो ते माहीत असावं." अशी वाक्यं त्याला सुचायची. ती कुणीतरी ऐकावीत म्हणून तो जिन्यात रेंगाळायचा.

आता टाकीचं सांगते. धरण उशाला आणि कोरड घशाला, हे आमच्या शहराला कुणी शिकवायला नको. नळाला पाणी येतं तो दिवस आमच्याकडं सणासारखा असतो. बायका कामावरून रजा टाकतात, भांडी, पिंपं, बादल्या, लहान पोरांच्या आंघोळीचे टब, सगळं भरून घेतात. त्या मे महिन्यात पाणी आलं, टाकी भरली आणि दोनच दिवसांत नळातून फुसकन हवा आली. पाणी परत यायला आठवडा होता. मला वाटलं टाकी फुटली. गुडघा धरत वर गेले. टाकी चांगली होती, पण तळाला पाणी बोटभर. टाकीतून एक बारीक पाइप सरांच्या खिडकीत गेला होता.

खोलीला कुलूप होतं. खिडकीतून बघितलं तर आत कंप्युटर चालू, एक नाही, तीन-चार, एकमेकांना वायरींनी बांधलेले. आणि त्यांच्या तोंडावर माझाच जुना कूलर भणाणत होता. खोली मस्त गार होती. माणूस कॉलेजात. यंत्रं गारव्यात बसली होती आणि खाली माझ्याकडं डाळ धुवायला पाणी नव्हतं.

संध्याकाळी तो आला. मी पायरीवरच बसले होते. नसीमही होती, तिला कुणी बोलावलं नव्हतं. मी त्याला सगळं ऐकवलं. माझ्या तोंडाचं मला माहीत आहे, ते काय बोललं ते इथं सांगत नाही. तो ऐकून वर गेला, टाकीत डोकावला, पाइप बघितला, खाली आला. आधी हसला. मग हसता हसता त्याचा चेहरा उतरला आणि तो तिथंच माझ्याशेजारी बसला.

"मावशी, ही यंत्रं काय करत होती माहितीये? मोठी यंत्रं पाणी किती पितात त्याचा हिशेब."

नसीमनं तोंडात पदर कोंबला.

"आणि कूलरचं पाणी मी हिशेबात धरलंच नव्हतं," तो म्हणाला. "सगळ्या जगाचं मोजलं. तुमची टाकी सोडून."

"आता रडू नका," मी म्हटलं. "रडून टाकी भरत नाय."

मग पाणी येईपर्यंत तो रोज कॉलेजातून स्कूटरवर कॅन बांधून आणायचा. मला, नसीमला, आणि माझ्या खालच्या मजल्यावरच्या भाडेकरूंनाही. स्वतः आंघोळ कॉलेजात करायचा. यंत्रं बंद ठेवली. अभ्यास थांबला, त्याबद्दल एक शब्द बोलला नाही. पण नंतर कळलं की वर्गात पोरांना तो हीच गोष्ट पहिल्या दिवशी सांगतो, माझ्या शिव्यांसकट. माझ्या दोन पोरं रस्त्यात पाया पडली तेव्हा कळलं.

इथवर ऐकून कुणाला वाटेल की वेडा पण गोड माणूस, झालं. तसं नव्हतं. त्याच्यामुळं माझा भाऊ माझ्याकडं भाऊबीजेला आला नाही, आणि ते मला अजून टोचतं.

माझं माहेर करमाडच्या पलीकडं. धाकटा भाऊ शेती करतो. त्याच्या रानाला लागून एक कंपनी तसलीच कंप्युटरची इमारत बांधणार होती. शेंद्र्याचे कारखाने जवळ, जालना रोड जवळ, वीज जवळ. पाणी तिथल्याच बोअरमधून घेणार. त्यासाठी ग्रामसभेचा ठराव पाहिजे होता, आणि पाण्याचा अहवाल कुणी द्यायचा? कंपनीनं तो सरांच्या कॉलेजाला सांगितला होता. कॉलेजानं सरांना.

भाऊ आला, चहा पिऊन झाला तरी हलेना. शेवटी म्हणाला, "आक्का, तुझ्या भाडेकरूला म्हणावं, लिहून टाक. पाणी पुरतंय म्हणून."

"तुला एवढी घाई का?"

"पोराला तिथं लावून घेतो म्हणलेत. रान ज्यांचं शेजारी त्यांची पोरं आधी."

माझा भाचा तिशीचा झालाय. पदवी घेऊन घरी आहे. मुली बघायला जातात, चहा-पोहे होतात, मुलीचा बाप विचारतो मुलगा काय करतो, आणि शेती म्हटलं की त्यांची मान दुसरीकडं वळते. गावात अशी वीस-पंचवीस पोरं पारावर बसलेली असतात. त्यांचं वय होत चाललंय आणि त्यांच्या आयांची झोप गेलीय. त्यामुळं भावाला मी नाही म्हटलं नाही. वर गेले आणि सरळ सांगितलं.

"माझा भाचा आहे. लिहून टाका."

तो कांदा चिरत होता. "विहीर कशी आहे भावाची?"

"उन्हाळ्यात परसभर, एका माणसाएवढं राहतं पाणी. कधी तेबी नाय."

"मग कसं लिहू?"

"सही करून."

"नाही लिहिणार मावशी."

"मग भाडं वाढवते."

"वाढवा."

मी वाढवलं नाही. पण खाली आल्यावर नातीकडून कळलं, तिची मैत्रीण त्याच कॉलेजात होती, की सर कॉलेजात करारावर होते आणि त्याच वर्षी कायम होणार होते. कंपनी कॉलेजाला नवी प्रयोगशाळा बांधून देणार होती. म्हणजे न लिहून भाच्याची नोकरी जाणार होती आणि त्याची स्वतःचीही. हे त्यानं कांदा चिरताना मला सांगितलं नव्हतं.

ग्रामसभेच्या आधी तो म्हणाला, मला विहीर दाखवा. मी त्याच्या स्कूटरवर बसून करमाडला गेले. या वयात. जालना रोडवर ट्रक अंगावर येत होते आणि हा उतार लागला की पेट्रोल वाचवायला गाडी बंद करायचा. मी पाठीत गुद्दा घातला की चालू करायचा. भावानं विहीर दाखवली, तोंड वाकडं करून. सरांनी दोरीला दगड बांधून सोडला, दोरी ओली झाली तिथं खूण केली, शेजारच्या विहिरी बघितल्या, बोअर बघितले, म्हाताऱ्यांना बोलतं केलं. भाचा त्याच्याबरोबर रानारानानं फिरला. त्यालाही कळत होतं हा माणूस कशाला आलाय. तरी सरांना ऊन लागू नये म्हणून डोक्याला बांधायला स्वतःचा रुमाल दिला.

ग्रामसभा शाळेच्या पटांगणात भरली. मी बायकांत बसले. कंपनीचा माणूस निळ्या शर्टातला, गोड बोलणारा. त्यानं सगळ्यांना हात जोडले आणि रोज सरासरी किती पाणी लागेल त्याचा आकडा सांगितला. आकडा लहान होता. लोकांनी माना डोलावल्या. भाऊ माझ्याकडं बघून हसला.

सर उठला. "ही वर्षाची सरासरी झाली. मे महिन्याचा आकडा सांगा."

"सर, आम्ही वार्षिक पद्धतीनंच सांगतो."

"थंडीत आणि पावसाळ्यात तुमची यंत्रं नुसत्या हवेवर गार राहतील. मला मान्य आहे. मे महिन्यात राहणार नाहीत. त्या महिन्यात पाणी किती?"

"सरासरी काढली तर..."

मागून एक बाई पटकन बोलली, "सरासरी काढली तर आमचे मालकबी रोज शुद्धीतच असत्यात म्हणायचं!"

सगळं पटांगण हसलं. तिचे मालक तिथंच बसले होते, तेही हसले. पण हसणं संपलं तेव्हा निळ्या शर्टाचा चेहरा बदललेला होता. म्हणाला, मे महिन्याचा आकडा कंपनीची आतली माहिती आहे.

तेवढ्यात शहरातून आलेला एक दाढीवाला कार्यकर्ता उभा राहिला. "सर, सांगा यांना! ही कंपनी आली तर गावाचं वाळवंट होईल!"

सर म्हणाला, "मला माहीत नाही."

"माहीत नाही?"

"आकडा नाही तर कसं सांगू? कदाचित काही होणार नाही. दुसऱ्या पद्धतीनं गार केलं तर पाणी फार लागतही नाही, वीज जास्त लागते. आधी आकडा द्यावा, मग मी सांगतो."

मला वाटलं, झालं. कंपनीवाला रागावला, कार्यकर्ता रागावला, आता गावही रागावणार. आणि रागावलंच. माझा भाऊ उभा राहिला, लुगड्यांच्या गर्दीतून मला दिसेल एवढ्या जवळ.

"मग तुम्ही आलात कशाला?"

"माहीत नाही हे सांगायला," सर म्हणाला. "ते कुणीतरी सांगायला पाहिजे होतं."

ठराव झाला तो असा. कंपनीनं मे महिन्याचा आकडा लेखी द्यावा, आणि पाण्याचं मीटर भिंतीच्या बाहेर बसवावं, येणाऱ्या-जाणाऱ्याला वाचता येईल असं. मग परवानगी. निळा शर्ट म्हणाला, वर विचारून सांगतो. तो गेला तो परत आला नाही. पुढं ऐकलं, कंपनी दुसऱ्या जिल्ह्यात गेली.

मी परत निघताना भाऊ माझ्याजवळ आला आणि म्हणाला, "आक्का, तुझ्या भाडेकरूनं माझ्या पोराच्या ताटात माती कालवली." कालवली होतीच.

कॉलेजानं त्याचा करार वाढवला नाही. कुणी शिव्या दिल्या नाहीत, कुणी भांडलं नाही, नुसता वाढवला नाही. दुसऱ्या गावी कुठल्या तरी संस्थेत त्याला काम मिळालं, तो गेला. जाताना नसीमनं त्याला शर्ट शिवून दिला, बाह्या जरा आखूड झाल्या. मी काही रडले नाही. खोलीला चुना दिला. भाऊबीजेला दुपारपर्यंत वाट बघितली आणि मग निरांजन आत ठेवलं. भाचा एकटा येऊन पाया पडून गेला. त्याचा बाप आला नाही.

पुढच्या मे महिन्यात भावाची विहीर आटली. ठणठणीत. कंपनी नव्हती, यंत्रं नव्हती, तरी आटली. भावानं मला फोन केला, कितीतरी महिन्यांनी पहिल्यांदा.

"आक्का, विहीर आटली. विचार तुझ्या सरांना. कंपनी नाय आली तरी आटलीच. मग माझ्या पोराची नोकरी घालवून काय मिळवलं?"

त्याचं बोलणं बरोबर होतं. मी सरांना फोन लावला आणि शब्दाला शब्द सांगितला, मऊ केलं नाही. मला वाटलं, आता काहीतरी पाठ केलेलं वाक्य येणार, जावयाचं किंवा सुनेचं.

"मावशी, भावाला सांगा, त्यांचं खरं आहे," तो म्हणाला. "माझ्याकडं उत्तर नाही."

मी भावाला तेच सांगितलं. तो भांडायच्या तयारीत होता. "असं म्हणला?"

"व्हय."

"एवढा शिकलेला माणूस असं म्हणला?"

"म्हणला बाबा."

भावानं फोन ठेवला.

विहीर आटली की आमच्याकडं रडत बसत नाहीत, गाळ काढतात. पाणी नसतं तेव्हाच गाळ निघतो. भावानं चार माणसं लावली, भाचा स्वतः विहिरीत उतरला, आणि मी भाकऱ्या थापायला माहेरी गेले. बोलावलं नव्हतं, पण बहिणीला बोलावणं लागत नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी बांधावरून एक माणूस येताना दिसला. खांद्याला पिशवी, अंगात आखूड बाह्यांचा शर्ट. गाळ काढतायत एवढंच मी फोनवर सांगितलं होतं.

भाऊ त्याला बघून पुन्हा दोरी ओढायला लागला. सरांनी पिशवी झाडाखाली ठेवली, पँट गुडघ्यापर्यंत दुमडली आणि शिडीवरून विहिरीत उतरला. खाली भाचा टोपलं भरत होता. सर टोपलं उचलायला गेला आणि निम्मा गाळ स्वतःच्या अंगावर ओतून घेतला. असं दोन-तीनदा झालं. वरून भाऊ ओरडला, "सर, वर या! तुमच्यामुळं दुप्पट काम व्हायलंय!"

"येत नाही," खालून आवाज आला.

"मग बाजूला उभं राहून दोरी तरी धरा!"

दोरी धरली. ती त्याला जमली. दुपारपर्यंत धरली, आणि खाली तो आणि भाचा काहीतरी बोलत होते. काय ते वरपर्यंत येत नव्हतं. नंतर मी भाच्याला विचारलं. म्हणाला, मी त्यांना विचारलं, सर, मग मी काय करू? ते म्हणाले, माहीत नाही. मी म्हटलं, बाई गं, हा माणूस दुसरं काही शिकलाच नाय का. भाचा म्हणाला, "पण आत्या, ते सांगायला एवढ्या लांबून कुणीच आलं नव्हतं." भाच्याचं लग्न अजून जमलेलं नाही. नोकरीही नाही. ते मी गोड करून सांगणार नाही.

जेवायला सगळे झाडाखाली बसले. सरांच्या डोक्यापासून पायापर्यंत गाळ वाळून पांढरा झाला होता, फक्त डोळे तेवढे माणसाचे दिसत होते. तो जरा लांबच बसला, कडेला. भावानं भाकरीच्या दुरडीवरचं फडकं काढलं. पहिली भाकरी उचलली, तिच्यावर ठेचा घातला, कांदा बुक्कीनं फोडून ठेवला, आणि उठून जाऊन त्याच्यापुढं धरली.

"खा सर," तो म्हणाला. "तुमच्यामुळं माझं पोरगं घरी बसलंय. पण खा."

सरांनी दोन्ही हातांनी भाकरी घेतली आणि खाली मान घालून खाल्ली. भाऊ समोर बसला आणि त्याचं खाणं संपेपर्यंत स्वतःची भाकरी मोडली नाही.